तळ्यातलं जांभळं फूल
(शेतकरी कार्यक्रमातील भाषण)



आज मी ज्वारीबद्दल बोलणार नाही, उसाबद्दलही नाही. आज एका फुलझाडाबद्दल चार गोष्टी सांगणार आहे. हे झाड कुणी लावत नाही, त्याला कुणी खत घालत नाही, पाणी पाजत नाही, तरी ते आपल्या पिकांपेक्षा जोमानं वाढतं. कारण ते आपलंच खत खातं आणि आपल्याच पाण्यावर बसतं. या झाडाचं नाव जलपर्णी. कोल्हापूर भागात त्याला केंदाळ म्हणतात.

आपण सर्वांनी ते पाहिलेलं असेल. पाण्यावर तरंगणारी हिरवीगार, गोल, तुकतुकीत पानं. पानांचे देठ फुगलेले. देठ मोडून पाहिला तर आत स्पंजासारखी पोकळी आणि तीत हवा, म्हणून झाड बुडत नाही. खाली पाण्यात काळपट, पिसासारखी झुबकेदार मुळं. आणि वर फिकट जांभळ्या फुलांचा तुरा. फुलाला सहा पाकळ्या आणि वरच्या पाकळीवर मोराच्या पिसाच्या डोळ्यासारखा पिवळा ठिपका. फूल खरोखरच देखणं आहे, यात वाद नाही. त्या देखणेपणानंच सगळा घात केला.

हे झाड आलं कुठून?

जलपर्णी आपल्या देशातली नाही. तिचं माहेर दक्षिण अमेरिकेत, ॲमेझॉन नदीच्या खोऱ्यातल्या उष्ण, दलदलीच्या मुलखात. तिथं नदीला दरवर्षी मोठा पूर येतो, पाणी चढतं-उतरतं, आणि तिला खाणारे किडेही तिथंच आहेत. त्यामुळे माहेरी ती बरीचशी आटोक्यात राहते. फुलाच्या शोभेसाठी माणसांनी तिला बागांतल्या हौदांत नेलं आणि हौदातून ती नद्या-तळ्यांत गेली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ती बंगालमध्ये पोचली. तिथं भाताची खाचरं, नावांचे रस्ते, मासेमारीची तळी या सगळ्यावर तिनं कब्जा केला. शेवटी १९३६ साली तिथल्या सरकारला जलपर्णीच्या बंदोबस्तासाठी खास कायदा करावा लागला. १९३७ च्या निवडणुकीत तर जलपर्णी हटवू असं आश्वासन देत उमेदवार फिरत होते. एका फुलझाडानं केवढ्या लोकांना कामाला लावलं, ते यावरून समजेल.

आज आपल्या महाराष्ट्रातही तेच चाललं आहे. पुणे आणि पिंपरी-चिंचवड भागातल्या पवना, इंद्रायणी, मुळा-मुठा या नद्या पहा, खाली भीमेवरचं उजनी धरण पहा, कोल्हापूरकडची पंचगंगा पहा. उन्हाळ्यात नदी आहे की हिरवं शेत आहे, कळत नाही. पण आजचं माझं बोलणं मोठ्या नद्यांबद्दल नाही. ते आहे तुमच्या गावच्या तळ्याबद्दल, पाझर तलावाबद्दल आणि ओढ्यावरच्या बंधाऱ्याबद्दल, कारण तिथला बंदोबस्त तुमच्या हातात आहे.

वाढीचा हिशोब

जलपर्णी बहुवर्षायू आहे. एका हंगामात संपणारं हे तण नव्हे. तिची वाढ दोन वाटांनी होते. पहिली वाट म्हणजे पिलावा. मूळ झाडाच्या बुडातून आडवी फांदी निघते, तिच्या टोकाला नवं रोप धरतं आणि ते लगेच पुढची फांदी टाकतं. ऊन आणि खतावलेलं पाणी मिळालं तर साधारण पंधरवड्यात झाडांची संख्या दुप्पट होते.

आता हिशोब करू. आज तळ्यात १० झाडं आहेत असं धरा. एका महिन्यानं ४० होतील. दोन महिन्यांनी १६०. चार महिन्यांनी २,५६०. इथवर माणूस म्हणतो, "तळ्याच्या कडेला थोडी आहे, बघू नंतर." पण हीच चाल चालू राहिली तर आठ महिन्यांनी ती ६,५५,३६० होतात आणि एकरभर पाणी झाकून टाकतात. जोंधळ्याच्या शेतातलं तण आज काढलं काय आणि आठ दिवसांनी काढलं काय, थोडा फरक पडतो. जलपर्णीत पंधरा दिवसांचा आळस म्हणजे काम दुप्पट.

दुसरी वाट बियांची. फुलाचं काम झालं की तुऱ्याचा दांडा वाकतो, पाण्यात जातो आणि बी तळाच्या चिखलात पडतं. हे बी पंधरा-वीस वर्षंसुद्धा जिवंत राहू शकतं. तळं आटलं, चिखल उघडा पडला, पुन्हा उथळ पाणी आलं, की ते उगवतं. म्हणून "तळं आटलं, पीडा गेली" असं समजू नका. पीडा खाली निजलेली असते.

नुकसान कुणाचं?

जलपर्णीनं तळं झाकलं की काय होतं ते सांगतो. पहिलं, पाणी जास्त उडतं. उघड्या पाण्याची वाफ होतेच, पण हे झाड पानांतून त्याहून जास्त पाणी हवेत सोडतं. म्हणजे उन्हाळी पाळीचं पाणी आपल्या पिकाआधी तण पितं. दुसरं, पंपाची जाळी आणि फूटव्हॉल्व्ह चोंदतात, मोटार तापते, पाटाच्या तोंडाशी पाणी अडतं. तिसरं, ऊन आणि हवा पाण्यापर्यंत पोचत नाही, त्यामुळे मासे गुदमरतात. चौथं, डासांना आसरा मिळतो. पाचवी गोष्ट गुरं राखणाऱ्यांनी नीट ऐकावी. अशा झाडांच्या आडोशाला गोगलगायी वाढतात आणि जनावरांच्या यकृतात जाणाऱ्या चपट्या कृमींचं अर्धं आयुष्य काही जातींच्या गोगलगायींत जातं. अशा तळ्याकाठी चरणारी म्हैस खंगायला लागली, तर पशुवैद्यकीय दवाखान्यात शेण तपासून घ्या.

माझी झालेली चूक

आता एक गोष्ट सांगतो. ती सांगताना मला कमीपणा वाटतो, पण ती तुमच्या उपयोगाची आहे.

नऊ वर्षांपूर्वी मी नवाच नोकरीला लागलो होतो. माझ्या भागातल्या एका गावात सात-आठ एकरांचं तळं होतं. एका घरी कुणीतरी नदीवरून दोन रोपं आणून जनावरांच्या डोणीत शोभेला टाकली होती. डोण धुतली तेव्हा ती ओढ्यात गेली आणि ओढ्यातून तळ्यात. दुसऱ्या वर्षी निम्मं तळं हिरवं झालं. कांद्याला शेवटचं पाणी द्यायचं तर मोटारी चालेनात. दर अर्ध्या तासाला कुणीतरी पाण्यात उतरून जाळी मोकळी करायची.

मी गावात बैठक घेतली. पदवीच्या पुस्तकात वाचलेलं सगळं सांगितलं. गावानं ऐकलं, माझ्यावर विश्वास ठेवला. मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात माणसं कामाला लागली. बाया, पोरं, म्हातारी माणसं, सगळी. बारा दिवस श्रमदान झालं. कुणाचे हात सोलले, कुणाची रोजंदारी बुडाली. तळं स्वच्छ झालं आणि आम्ही काठावर नारळ फोडला. काढलेली जलपर्णी काठालाच ढीग करून ठेवली होती. मीच म्हणालो होतो, "इथंच वाळू द्या, मग बघू."

जूनमध्ये पहिलाच पाऊस जोराचा झाला. एका रात्रीत पाणी चढलं आणि काठावरचे सगळे ढीग तळ्यात परत गेले. वरून वाळल्यासारखे दिसत होते, पण आत ओल होती आणि बुडखे जिवंत होते. दिवाळीला तळं पुन्हा हिरवं.

मी गावात गेलो तेव्हा कुणी रागावून बोललं नाही. तेच जास्त लागलं. पारावर बसलेले एक आजोबा एवढंच म्हणाले, "साहेब, तळ्यातनं काढली खरी, पण तळ्याच्या उशालाच निजवली."

त्या वाक्यानं मला जे शिकवलं, ते पुस्तकानं शिकवलं नव्हतं. पुढच्या वर्षी गाव पुन्हा कामाला यायला तयार नव्हतं, आणि त्यात त्यांची चूक नव्हती. त्यांची समजूत घालायला मला चार महिने लागले. त्या वेळी मात्र आम्ही काम नीट केलं. ते कसं केलं, ते आता क्रमानं सांगतो.

बंदोबस्त कसा करावा?

१) आधी विचारा. तळं ग्रामपंचायतीचं आहे की पाटबंधारे खात्याचं, ते पहा. मासेमारीचा ठेका दिलेला असेल तर त्या लोकांना सोबत घ्या. त्यांच्या होड्या आणि जाळी कामाला येतात.

२) वेळ साधा. फाल्गुन-चैत्रात पाणी उतरलेलं असतं, तळ्याचा घेर लहान झालेला असतो, उन्हाचा कडाका असतो. काम तेव्हाच सुरू करा आणि वळवाचे पाऊस सुरू व्हायच्या आत उरका. आम्ही मे अखेरीस सुरू केलं, हीच पहिली चूक होती. शक्यतो फुलोरा येण्याआधी झाडं काढा, म्हणजे नवं बी पडत नाही.

३) वरून सुरुवात करा. ओढा तळ्याला मिळतो तिथं आधी पहा. वरच्या डबक्यात चार झाडं राहिली तर खालची मेहनत वाया. ओढ्याच्या तोंडाशी पाण्यावर तरंगता बांबू दोराने आडवा बांधा. वाहून येणारी झाडं तिथं अडतात आणि रोज काढता येतात. मोठ्या पुराच्या वेळी बांबू सोडून घ्या.

४) पट्टे पाडून ओढा. तळ्यावर दाट गालिचा झाला असेल तर कोयत्यानं त्याचे पट्टे पाडा. दोराला गळ बांधून एकेक पट्टा काठाकडे ओढा. वारा ज्या काठाकडे वाहतो त्या काठाला माणसं उभी करा, निम्मं काम वारा करतो. काठावर दाताळ्यानं वर ओढावं. तुटलेले तुकडे जाळीनं गोळा करावेत, कारण बुडखा शाबूत असलेला तुकडा पुन्हा धरतो.

५) जीव सांभाळा. गालिच्याखाली पाणी किती खोल आहे ते दिसत नाही. पोहता येत नसेल त्यानं पाण्यात उतरू नये, आणि येत असेल त्यानंही एकट्यानं उतरू नये. कमरेला दोर, हाताशी फुगवलेली ट्यूब आणि काठावर दोर धरायला एक माणूस, एवढं पाहिजेच. साप आणि विंचू यात दडतात, म्हणून आधी काठीनं चाळवा. लहान मुलांना काठावरच ठेवा.

६) तळ्याच्या उशाला ठेवू नका. ही गोष्ट सर्वांत महत्त्वाची. काठावर एक-दोन दिवस पाणी निथळू द्या, कारण ओल्या जलपर्णीत शंभरात सुमारे ९५ भाग पाणीच असतं. एका एकराची दाट जलपर्णी १०० टन आणि त्याहूनही जास्त भरू शकते, पण त्यात कोरडा माल जेमतेम पाचेक टन. पाणी निथळून गेलं की ट्रॉलीच्या खेपा कमी होतात. मग पुराचं पाणी जिथवर चढतं त्या रेषेच्या वर, तळ्याकडे उतार नसलेल्या जागी ती पसरा आणि उन्हात पलटून वाळवा.

औषध मारावं का?

हा प्रश्न मला प्रत्येक गावात विचारतात. दुकानात मिळणारं २,४-डी मारलं की झाड करपतं, हे खरं. पण तीन गोष्टी ध्यानात घ्या. एक, त्याच तळ्यावर तुमची गुरं पाणी पितात, कधी माणसंही पितात. दोन, मेलेली झाडं एकदम पाण्यात कुजली की पाण्यातला प्राणवायू संपतो आणि मासे मरतात. तीन, या औषधाचा नुसता वारा लागला तरी कापूस, द्राक्ष, टोमॅटो, वांगी आणि कडधान्यं यांना इजा होते. कापसाची पानं भेंडीच्या पानासारखी कातरतात. फवारणीचा तोच पंप नीट न धुता पिकावर वापरला तरी नुकसान होतं. म्हणून सामाईक पाण्यावर आपल्या मनानं औषध मारू नका.

एक जिवंत उपायही आहे. जलपर्णी खाणारे दोन जातींचे बारीक भुंगेरे १९८२-८३ च्या सुमारास अमेरिकेतून आपल्या देशात आणले गेले आणि बंगळूरला त्यांची नीट पारख करून मग सोडले गेले. मोठे भुंगेरे पान कुरतडतात, पानावर बारीक चौकोनी खरवडल्यासारखे डाग दिसतात. अळ्या देठात आणि बुडख्यात शिरून झाड पोखरतात. ते जलपर्णीवरच जगतात, आपल्या पिकांना हात लावत नाहीत. बंगळूर भागातल्या तळ्यांत आणि मणिपूरच्या लोकटाक सरोवरात त्यांनी चांगलं काम केलं. पण त्यांना दोन-चार वर्षं लागतात, आणि दर उन्हाळ्यात आटणाऱ्या तळ्यात त्यांचा टिकाव लागत नाही. तुमच्याकडे बारमाही मोठं पाणी असेल तर कृषी विद्यापीठाकडे किंवा जबलपूरच्या तण संशोधन संस्थेकडे चौकशी करावी. लहान तळ्याला हातानं काढणं हाच खात्रीचा मार्ग.

काढलेल्या जलपर्णीचं खत

एवढी मेहनत केली तर तिचं मोल वसूल करा. जलपर्णीनं तुमच्या शेतातून वाहून गेलेलं खत खाल्लेलं असतं. ते तुम्ही परत घ्या. तिच्यात पालाश चांगला असतो.

१० फूट लांब, ६ फूट रुंद, ३ फूट खोल खड्डा घ्या, किंवा उंचवट्यावर तेवढाच ढीग रचा. चांगली सुकलेली जलपर्णी कोयत्यानं तोडून अर्धा फूट जाडीचा थर द्या. त्यावर उसाचं पाचट, तुरीच्या बारीक काड्या किंवा कडब्याची धसकटं यांचा पातळ थर द्या, म्हणजे ढीग गच्च होऊन आंबत नाही. वर शेणकाला शिंपडा आणि जुनं शेणखत किंवा माती घमेलं-दोन घमेली पसरा. असे थर भरून वरून मातीनं लिंपा. चौथ्या आठवड्यात ढीग पलटा, बाहेरचं आत आणि आतलं बाहेर. आतली ऊब सगळ्या मालाला मिळाली तरच बी आणि बुडखे मरतात. अडीच-तीन महिन्यांत खत काळं, भुसभुशीत होतं, घाण वास येत नाही आणि देठ ओळखू येत नाही. चैत्राच्या सुरुवातीला भरलेला खड्डा आषाढाच्या सुमारास तयार होतो. खरिपाच्या पेरणीआधीच खत हवं असेल तर फाल्गुनातच भरा. ज्यांच्याकडे गांडुळं आहेत त्यांनी निम्मं कुजलेलं खत गांडुळांना द्यावं. फळबागेत नुसती कडक वाळलेली जलपर्णी झाडांच्या आळ्यात आच्छादन म्हणूनही चालते.

पण एक सावधगिरी बाळगा. ज्या पाण्यात कारखान्याचं सांडपाणी येतं, तिथली जलपर्णी शिसं, कॅडमियम असे विषारी धातू शोषून ठेवते. तिचं खत भाजीला किंवा चाऱ्याच्या पिकाला घालू नका, आणि ती जनावरांपुढेही टाकू नका. स्वच्छ तळ्यातली असली तरी ती पोटभर चाऱ्याची वस्तू नाही. जनावर नुसतं पाणी खाईल आणि भुकेलं राहील.

बांगलादेशातल्या गोपालगंज, पिरोजपूर, बारिसाल भागातले शेतकरी जलपर्णी रचून तरंगते वाफे करतात आणि त्यावर भाजी आणि रोपं पिकवतात. २०१५ साली संयुक्त राष्ट्रांच्या अन्न आणि शेती संघटनेनं या पद्धतीला शेतीचा वारसा म्हणून मान दिला. तिथं शेतात महिनोन्महिने पाणी साठून राहतं, म्हणून ते जमतं. आपली तळी उन्हाळ्यात तळ गाठतात. तेव्हा त्यांची हुशारी घ्या, पण त्या नावाखाली तळ्यात जलपर्णी ठेवू नका.

मूळ कारण

शेवटी मुळाचं बोलू. जलपर्णी भरभरून वाढते ती खतावलेल्या पाण्यात. शहराचं मैलापाणी नदीत येतं, ते थांबवणं तुमच्या एकट्याच्या हातात नाही. त्यासाठी ग्रामसभेत ठराव करा, लेखी तक्रारी करा. पण गावच्या गटारीचं पाणी थेट तळ्यात सोडू नये, उकिरडा ओढ्याच्या काठावर नसावा आणि युरिया जोराच्या पावसाच्या तोंडावर टाकू नये, एवढं आपण करू शकतो. तळ्यात वाहून गेलेला युरिया म्हणजे पैसे देऊन तण पोसणं.

आता त्या गावाचं पुढं काय झालं ते सांगतो. दुसऱ्या वेळी काम चैत्रात झालं, माल तळ्यापासून दूर गेला, खताचे खड्डे भरले. पण खरी युक्ती गावातल्या एका मावशींनी काढली. त्या म्हणाल्या, "एकदा काढून काय होतं? घर रोज झाडावं लागतं." त्यांनी तळ्याचा काठ तेरा घरांत वाटून दिला. दर आठ दिवसांनी ज्यानं-त्यानं आपला काठ फिरून पाहायचा आणि दिसेल ते रोप उचलून दूर उन्हात टाकायचं. आजही दर पावसाळ्यानंतर तिथं पाच-पन्नास रोपं उगवतात, जुन्या बियांतून. पण ती तेवढीच राहतात. मी मागच्या महिन्यात गेलो होतो. ते आजोबा आता नाहीत. त्यांचा नातू पाटीत सहा रोपं घेऊन काठावरून येत होता. मला म्हणाला, "साहेब, या आठवड्याची एवढीच."

मंडळी, ध्यानात ठेवायच्या गोष्टी थोडक्यात अशा:

जलपर्णी फुलासाठी घरी आणू नका, कुणी आणली तर हौदात टाकू देऊ नका. चार झाडं दिसली तर त्याच दिवशी काढा. मोठं काम फाल्गुन-चैत्रात करा. काढलेला माल तळ्याच्या उशाला ठेवू नका. सामाईक पाण्यावर औषध मारू नका. आणि साफ झालेल्या तळ्यावर दर आठ दिवसांनी नजर ठेवा.

आपल्या गावच्या तळ्यात हे जांभळं फूल दिसत असेल तर आपल्या कृषी कार्यालयात कळवा. आम्ही येऊ. आणि या वेळी चैत्रातच येऊ.